परदेशी युद्धं दाखवणारा वार्ताहर स्वतःच निवडणुकीला उभा राहिला, ते योग्य होतं का? (मार्टिन बेल, टॅटन, १९९७)

नीलांबरी (धागाकर्ती)

निवडणूक जवळ आली की टीव्हीवरचा कोणीतरी ओळखीचा चेहरा पक्षाचं उपरणं गळ्यात घालून उभा दिसतो. मग आपल्याकडे चर्चा होते ती फक्त 'कुठल्या पक्षात गेला' याची. मला त्याच्या आधीचा प्रश्न विचारायचा आहे: त्यानं जावं का? त्यासाठी मुद्दाम सगळ्यात अवघड उदाहरण घेते. हा माणूस कुठल्याच पक्षात गेला नाही, मंत्री झाला नाही, पैशाला शिवला नाही. तरीही त्याचा निर्णय मला पटत नाही.

मार्टिन बेल १९६२ साली बीबीसीच्या नॉरिच केंद्रात लागले. १९६६ मध्ये घानापासून परदेशी वार्तांकन सुरू झालं, मग व्हिएतनाम, नायजेरिया, मध्यपूर्व, पुढे वॉशिंग्टन, बर्लिन आणि बोस्निया. अंगावर पांढरा सूट, तोच त्यांचा ताईत. ऑगस्ट १९९२ मध्ये सारायेव्होत कॅमेऱ्यासमोर बोलत असतानाच किरचा लागून ते जखमी झाले. १९९१ नंतर स्टार टीव्हीबरोबर बीबीसीची जागतिक वाहिनी आपल्याकडे केबलवर आली, त्यामुळे आमच्या घरात बोस्निया पोचला तो अशाच वार्ताहरांमुळे. माझे वडील बातम्या चालू असताना कोणाला बोलू देत नसत.

आता टॅटन. इंग्लंडच्या चेशायर परगण्यातला हा हुजूर पक्षाचा बालेकिल्ला. तिथले खासदार नील हॅमिल्टन यांनी 'हॅरॉड्स'चे मालक मोहम्मद अल-फायेद यांच्याकडून पैसे घेऊन संसदेत प्रश्न विचारले, असा आरोप 'द गार्डियन'नं ऑक्टोबर १९९४ मध्ये केला. हॅमिल्टननी तो कायम नाकारला. १९९७ ची निवडणूक आली तरी त्यांच्या स्थानिक शाखेनं उमेदवार बदलला नाही. तेव्हा मजूर आणि लिबरल डेमोक्रॅट पक्षांनी आपापले उमेदवार मागे घेतले आणि भ्रष्टाचारविरोधी अपक्ष म्हणून बेल उभे राहिले. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात उमेदवारी जाहीर झाली आणि १ मे रोजी मतदान. मधे महिनासुद्धा नव्हता. बेल ११,०७७ मतांनी जिंकले.

माझा आक्षेप असा. त्या माणसावर लोकांचा विश्वास बसला तो तो साक्षीदार होता म्हणून. तो विश्वास परवाना शुल्क भरणाऱ्या प्रेक्षकांच्या पैशातून, एका सार्वजनिक संस्थेच्या छत्राखाली, तीस-पस्तीस वर्षांत जमला होता. ती काही बेल यांची खासगी मिळकत नव्हे. ती पुंजी एका मतदारसंघात एका माणसाच्या विरोधात लावली गेली, आणि तेही माईक खाली ठेवल्या ठेवल्या. यापुढे कुठलाही वार्ताहर एखाद्या नेत्याला अडचणीचा प्रश्न विचारेल, तेव्हा त्या नेत्याला म्हणता येईल: 'हा उद्या माझ्याविरुद्ध उभा राहणार आहे.' हे नुकसान ११,०७७ मतांनी भरून येत नाही.

---

कृष्णाकाठ

नीलांबरीताई, पूर्ण असहमत. तुम्ही एक तारीख गाळलीत: २१ मार्च १९९७.

हॅमिल्टन प्रकरणाची चौकशी संसदेचे आचारसंहिता आयुक्त सर गॉर्डन डाउनी करत होते. पंतप्रधान जॉन मेजर यांनी २१ मार्चलाच संसद संस्थगित केली. मतदान १ मे रोजी होतं, म्हणजे चांगले सहा आठवडे आधी. त्यामुळे डाउनींचा अहवाल निवडणुकीपूर्वी बाहेरच येऊ शकला नाही. तो आला जुलैमध्ये, आणि त्यात हॅमिल्टननी रोख रक्कम घेतल्याचा सबळ पुरावा असल्याचं म्हटलं होतं. न्यायालयाचा मार्गही असाच बंद झाला. हॅमिल्टननी 'गार्डियन'वर बदनामीचा दावा लावला, त्यांच्यासाठी १९९६ च्या बदनामी कायद्यात संसदीय विशेषाधिकार (संसदेतल्या कामकाजावर न्यायालयात प्रश्न करता येत नाही, हे संरक्षण) सोडून देण्याची तरतूद झाली, आणि सुनावणीच्या तोंडावर त्यांनी दावाच मागे घेतला.

म्हणजे संसद बंद, न्यायालय बंद, पक्ष ढिम्म. टॅटनच्या मतदारानं कुठे जायचं होतं? हुजूर पक्षाला वर्षानुवर्षं मत देणारा माणूस मजूर पक्षाला मत देणार नव्हता. त्याला असा उमेदवार हवा होता ज्याला मत दिलं तरी घर सोडल्यासारखं वाटणार नाही. २९,३५४ लोकांनी बेलना मत दिलं, एकूण मतांच्या साठ टक्के. ती सगळी माणसं टीव्हीला भुलली असं म्हणणं त्यांच्यावर अन्याय आहे.

'परका माणूस' हेही म्हटलं जातं, म्हणून सांगतो. बोस्नियात वितेझच्या परिसरात बेलनी ज्या चेशायर रेजिमेंटबरोबर वार्तांकन केलं, ती याच भागातल्या पोरांची. तिचे कर्नल बॉब स्टुअर्ट प्रचाराला टॅटनमध्ये आले होते.

---

वकील_ठाणे

मी नीलांबरी यांच्या बाजूनं, पण कारण वेगळं.

८ एप्रिलचा नट्सफर्ड हीथवरचा प्रसंग बघा. मोकळ्या माळावर बेल पत्रकारांशी बोलायला उभे, भोवती कॅमेऱ्यांचं कडं. तेवढ्यात हॅमिल्टन आणि त्यांच्या पत्नी क्रिस्टीन चालत येतात आणि क्रिस्टीन थेट विचारतात: माझा नवरा निर्दोष आहे हे तुम्हाला मान्य आहे का? बेल अडखळतात. दोष सिद्ध होईपर्यंत माणूस निर्दोष, हे त्यांना नाकारता येत नाही. आणि ते मान्य केलं तर आपण इथे का उभे आहोत, याला उत्तर उरत नाही.

आयुष्यभर दुसऱ्याला प्रश्न विचारलेल्या माणसाची ही अवस्था झाली, कारण त्या दिवशी तो दोन टोप्या घालून उभा होता. 'आरोप आहेत' असं वार्ताहर म्हणू शकतो. 'हा नको, मी हवा' असं उमेदवाराला म्हणावंच लागतं. कृष्णाकाठ, तुम्ही जुलैचा अहवाल दाखवता, पण मतदान मे महिन्यात झालं. डिसेंबर १९९९ मध्ये अल-फायेद यांच्याविरुद्धचा खटलाही हॅमिल्टन हरले, तेही नंतर. निकाल पुढे बरोबर निघाला म्हणून आधी केलेली शिक्षा योग्य ठरत नाही. उद्या हीच पद्धत निरपराध माणसावर चालेल तेव्हा आपण काय म्हणणार?

---

कृष्णाकाठ

वकीलसाहेब, शिक्षा? निवडून येणं हा कोणाचा हक्क नसतो. तिकीट नाकारलं, मत नाकारलं, त्याला शिक्षा म्हणत नाहीत. संशयाचा फायदा आरोपीला न्यायालयात मिळतो. मतपेटीपाशी तो मतदारानं स्वतःकडे ठेवला तर बिघडलं कुठे?

---

नीलांबरी

'दुसरा मार्गच नव्हता' हे मला मान्य नाही. आपल्याच देशातलं उदाहरण देते. १२ डिसेंबर २००५ रोजी 'कोब्रापोस्ट' आणि 'आज तक'नं छुप्या कॅमेऱ्यानं खासदारांना प्रश्नांसाठी पैसे घेताना दाखवलं. आरोप तोच, टॅटनसारखाच. २३ डिसेंबरला अकरा खासदारांची हकालपट्टी झाली. त्यात आपल्या जळगाव जिल्ह्यातले दोघे होते. कोणाही पत्रकाराला त्यासाठी अर्ज भरावा लागला नाही. त्यांनी पुरावा समोर ठेवला आणि बाजूला झाले. पत्रकाराचं काम तिथेच पूर्ण होतं.

---

कृष्णाकाठ

उदाहरण चांगलं आहे, पण ते माझ्याच बाजूनं जातं. २००५ मध्ये संसद चालू होती आणि सभागृहानं अकरा दिवसांत निर्णय घेतला. टॅटनमध्ये सभागृहाच्या दाराला कुलूप होतं. पुरावा समोर ठेवायचा तो कोणाच्या?

आणि बेल यांच्या मनाची घडण बघा ना. बोस्नियानंतर ते उघड म्हणू लागले होते की वार्ताहरानं जाणावं तसंच तळमळावंही. भलं आणि बुरं, पीडित आणि पीडक यांच्या बरोब्बर मध्ये तटस्थ उभं राहणं त्यांना नैतिक वाटेनासं झालं होतं. बीबीसीतही यावर वाद झाला. टॅटन हे त्याचं पुढचं पाऊल होतं.

---

नीलांबरी

हो, आणि माझी भीती नेमकी त्याच वाक्यापाशी सुरू होते. बॉम्ब पडत असलेल्या शहरात पीडित कोण हे कळायला वेळ लागत नाही. चेशायरमधल्या शाखेच्या राजकारणात, लॉबीवाल्यांच्या पाकिटांत, एकमेकांविरुद्धच्या जबान्यांत ते तितकं स्वच्छ नसतं. युद्धातली नजर जशीच्या तशी निवडणुकीत आणली की विरोधी उमेदवार 'पीडक' होऊन बसतो. लोकशाहीत तो फक्त विरोधी उमेदवार असायला हवा.

---

डेस्कवाला

मी एका मराठी वाहिनीत बरीच वर्षं डेस्कवर आहे. नावं सांगत नाही. आमचा एक जिल्हा प्रतिनिधी, कामाला अतिशय पक्का, झेडपीला उभा राहिला. पडला. परत रुजू झाला, कारण घर चालवायचं होतं. त्यानंतर त्यानं पाठवलेली प्रत्येक बातमी आम्हाला दुसऱ्याकडून तपासून घ्यावी लागायची. बातमी चुकीची असायची म्हणून नाही. पंचायत समितीत बाईट घ्यायला गेला की सभापती आधी विचारायचे, 'तुम्ही आता कोणाच्या गटात?' मग एकतर बाईट मिळायचा नाही, नाहीतर मिळायचा तो भाषणासारखा. पूरग्रस्तांच्या यादीत नावं गाळल्याची खरी बातमी त्यानं आणली, कागद हातात होते, तरी 'पराभवाचा राग काढतोय' म्हणून तिचा गळा दाबला गेला. यादीत नाव नसलेल्या बायकांना मदत मिळाली नाही ती नाहीच.

म्हणून नीलांबरीताईंचा मुद्दा मला पुस्तकी वाटत नाही. नुकसान पत्रकाराचं होतं त्यापेक्षा, ज्यांची बातमी तो आणतो त्यांचं जास्त होतं.

---

अनघा_मेलबर्न

इथलं ताजं उदाहरण आहे, आणि ते बेल यांच्या बरंच जवळचं. झोई डॅनियल एबीसीच्या, म्हणजे ऑस्ट्रेलियाच्या सार्वजनिक वाहिनीच्या, परदेशी वार्ताहर. आफ्रिका, मग बँकॉकहून आग्नेय आशिया, मग वॉशिंग्टन. २०२२ मध्ये मेलबर्नच्या गोल्डस्टीनमधून अपक्ष म्हणून उभ्या राहिल्या आणि जिंकल्या. मतदारसंघ झाला तेव्हापासून, म्हणजे १९८४ पासून, तो लिबरल पक्षाकडेच होता.

पण दोन फरक महत्त्वाचे. एक म्हणजे त्यांनी वाहिनी आधी सोडली होती आणि उमेदवारी वर्षभराहून अधिक काळानं जाहीर झाली. दुसरा फरक मतदानाच्या पद्धतीचा. आमच्याकडे पसंतीक्रम देतात. पहिल्या पसंतीत डॅनियल मागे होत्या, दुसऱ्या-तिसऱ्या पसंतीच्या मतांवर पुढे गेल्या. त्यामुळे कोणत्या पक्षाला उमेदवार मागे घ्यावा लागला नाही, बंद खोलीत बोलणी करावी लागली नाहीत. ब्रिटनमध्ये आणि आपल्या भारतात जास्त मतं तो विजयी, म्हणून तिथे असा अपक्ष पक्षांच्या मेहेरबानीवरच उभा राहतो. टॅटनबद्दल मला खटकतं ते हेच. जो पक्ष वाट मोकळी करून देतो त्याचं ऋण राहतंच.

२०२५ मध्ये डॅनियल अगदी थोड्या मतांनी हरल्या, ज्यांना हरवलं होतं त्याच टिम विल्सन यांच्याकडून. लोकांनी त्यांना निवडलं आणि काढलंही. हा हक्क टीव्हीसमोर बसलेल्या प्रेक्षकाला कधीच मिळत नाही, आणि म्हणून राजकारणात उतरलेला पत्रकार मला जास्त उत्तरदायी वाटतो.

---

कृष्णाकाठ

ऋणाचं म्हणाल तर त्याच वर्षीचा नोव्हेंबर आठवा. फॉर्म्युला वनचे बर्नी एकलस्टन यांनी मजूर पक्षाला दहा लाख पौंड दिले होते आणि तंबाखू जाहिरातबंदीतून फॉर्म्युला वनला सूट देण्याचं घाटत होतं. तेव्हा सभागृहात टोनी ब्लेअर यांना बेलनी विचारलं की गैरव्यवहार झाल्याचा समजसुद्धा गैरव्यवहाराइतकाच घातक नाही का. ज्या पक्षानं वाट मोकळी केली त्याच्याच पंतप्रधानांना, आणि तेही जेमतेम सहा महिन्यांनी. हॅमिल्टनला लावलेली फूटपट्टी त्यांनी ब्लेअरनाही लावली.

---

मॉन्ट्रियलकर

रने लेवेक यांचं नाव कोणी कसं घेतलं नाही? दुसऱ्या महायुद्धात आणि कोरियात वार्ताहर, १९५६ पासून रेडिओ-कॅनडा या कॅनडाच्या सार्वजनिक फ्रेंच वाहिनीवर जगाच्या घडामोडी फळ्यावर नकाशे काढून समजावणारा माणूस. १९५९ मध्ये तिथल्या निर्मात्यांचा संप झाला आणि ती वाहिनी बंद पडली तरी ओटावाला, म्हणजे केंद्र सरकारला, त्याची घाई नाही, हे त्यांनी पाहिलं. १९६० मध्ये ते क्युबेक या फ्रेंचभाषक प्रांतात आमदार झाले, लगेच मंत्री झाले, वीज कंपन्यांचं राष्ट्रीयीकरण घडवलं आणि १९७६ मध्ये क्युबेकचे पंतप्रधान (आपल्याकडच्या मुख्यमंत्र्यासारखे) झाले. ते परत पत्रकार व्हायला निघाले असते तर नीलांबरी म्हणतात तसा प्रश्न आला असता. पण त्यांनी सरळ बाजू घेतली आणि ती कोणापासून लपवली नाही.

आपल्याकडे टिळक, अत्रे तसेच ना? 'मराठा' विकत घेणाऱ्याला अत्रे कोणाच्या बाजूचे हे ठाऊक असायचं.

---

नीलांबरी

बरोबर, ठाऊक असायचं! अत्र्यांनी तटस्थतेचं वचन कधी दिलंच नव्हतं, त्यामुळे ते मोडलंही नाही. बीबीसीच्या वार्ताहरानं ते दिलं होतं.

---

कृष्णाकाठ

ताई, तुमच्या मूळ मुद्द्यावर शेवटचं विचारतो. साक्षीदार एकदा उमेदवार झाला की पुन्हा साक्षीदार होऊ शकत नाही, असाच तुमच्या म्हणण्याचा अर्थ ना? डिसेंबर २०१० मध्ये हेग इथल्या न्यायाधिकरणासमोर, बोस्नियातल्या सर्बांचे युद्धकाळातले नेते राडोवान कराजिच यांच्या खटल्यात, मार्टिन बेल साक्षीला उभे राहिले. कराजिच स्वतःचं वकीलपत्र स्वतः चालवत होते, त्यांनी बेल यांची उलटतपासणीही घेतली. त्याआधी बेल चार वर्षं खासदार होते, २००१ मध्ये ब्रेंटवुडमधून आणि २००४ मध्ये युरोपीय संसदेसाठी उभे राहून हरलेही होते. तरी त्यांची साक्ष नोंदवली गेली. वंशसंहाराच्या खटल्यात ज्याची साक्ष चालते, त्याचा शब्द तुमच्या-माझ्यासाठी निकामी कसा झाला?

---

नीलांबरी

ती साक्ष १९९२ ते ९५ मध्ये त्यांनी डोळ्यांनी पाहिलेल्या गोष्टींची होती. तेव्हा ते कोणाकडे मत मागत नव्हते. ती नोंद पक्की आहे आणि पक्कीच राहील. मला काळजी आहे ती मे १९९७ नंतरच्या नोंदींची: बेल यांनी न केलेल्या, आणि त्यांच्या जागी गेलेल्या दुसऱ्या वार्ताहरांनी केलेल्या. डेस्कवाल्यांनी लिहिलेल्या त्या बायकांची यादी मला हेगच्या साक्षीपेक्षा जड वाटते.

अनघा, वाहिनी सोडून मग ठराविक काळ थांबण्याची अट मला मान्य होईल. आपल्या वाहिन्यांच्या नेमणूकपत्रांत ती घालता येईल का? वकीलसाहेब, अशी अट कायद्यात टिकेल?

---

वकील_ठाणे

नोकरी संपल्यावर निवडणूक लढवू नये, अशी अट करारात टिकणं कठीण. उलटी अट मात्र घालता येईल: लढल्यावर किमान काही काळ राजकीय बातम्यांवर परत घ्यायचं नाही. क्रीडा, शेती, हवामान द्या. डेस्कवाले, तुमच्याकडे याबाबत लेखी नियम आहे का?

---

डेस्कवाला

लेखी काहीच नाही. संपादक बदलला की नियम बदलतो.