प्रोसेसरचे तापमान नोंदवणाऱ्या प्रोग्रामला ‘परमिशन डिनाइड’ येते

प्रश्न (अंबड, नाशिक)

नमस्कार. अंबड औद्योगिक वसाहतीत आमचे यंत्रभागांच्या ड्रॉइंगचे छोटे कार्यालय आहे. ऐन उन्हाळ्यात दुपारी संगणक आपोआप बंद पडू लागला, म्हणून मी उबुंटू या लिनक्स प्रणालीवर प्रोसेसरचे तापमान आणि वीजवापर दर मिनिटाला नोंदवणारा एक प्रोग्राम घेतला. पहिल्यांदा चालवताच वीजवापराच्या फाइलीपाशी ‘परमिशन डिनाइड’ (परवानगी नाकारली) असा संदेश येऊन तो थांबला. सुडो लावल्यावर, म्हणजे रूट या सर्वाधिकारी वापरकर्त्याच्या अधिकाराने चालवल्यावर, सर्व आकडे दिसले. मात्र तेव्हापासून सुडोशिवाय सुरू केल्यास तो सेटिंगही जतन करत नाही आणि नोंदीही लिहीत नाही. वीजवापराच्या फाइलीची परवानगी सीएचमॉड या आज्ञेने बदलली, तर रीस्टार्टनंतर ती पूर्ववत होते. आता तो कायम रूट म्हणूनच चालवावा का?

उत्तर १

कृपया तसे करू नये. वीजवापराच्या फाइलीची आणि प्रोग्रामच्या स्वतःच्या फाइलींची, अशा दोन वेगळ्या अडचणी येथे एकमेकींत मिसळल्या आहेत. सुडो लावून चालवताना प्रोग्रामने आपल्या फोल्डरात ज्या फाइली तयार केल्या, त्यांची मालकी रूटकडे गेली आहे. टर्मिनलमध्ये एलएस ही आज्ञा एल पर्यायासह द्या. ओळीच्या सुरुवातीच्या परवानग्यांनंतर मालक व गट यांची नावे येतात. तेथे ‘रूट रूट’ दिसल्यास मालकी बदलणाऱ्या सीएचओन या आज्ञेने त्या फाइली स्वतःच्या नावावर करून घ्या. सरसकट ७७७ ही सर्वांना सर्व अधिकार देणारी परवानगी देण्याचा सल्ला मिळाला तरी तो मानू नका, कारण त्यामुळे त्या फाइलींत कोणालाही लिहिता येते.

उत्तर २

वीजवापराची फाइल बिघाडामुळे नव्हे, तर मुद्दाम बंद ठेवलेली आहे. इंटेल प्रोसेसरचे ऊर्जेचे आकडे बारकाईने वाचून माहिती कूटबद्ध करण्याच्या गुप्त चाव्यांचा माग काढता येतो, हे २०२० साली ‘प्लॅटिपस’ नावाच्या हल्ल्याने दाखवून दिले आणि त्यानंतर लिनक्सने ती फाइल वाचण्याचा अधिकार फक्त रूटपुरता ठेवला. शिवाय ही फाइल सिसएफएस या आभासी फाइलव्यवस्थेतील आहे. तेथील फाइली डिस्कवर नसतात, संगणक सुरू होताना कर्नल, म्हणजे लिनक्सचा गाभा, त्या नव्याने मांडतो. त्यामुळे आपला बदल टिकत नाही. वेगळा गट करून सुरुवातीलाच परवानगी देणारा नियम लिहिता येतो, पण आपल्याला शोध तापण्याचा घ्यायचा आहे, तेव्हा ही फाइल उघडण्याची गरज मला तरी दिसत नाही.

तापमानाची फाइल सामान्य वापरकर्त्यालाही वाचता येते. आकडा अंशाच्या हजाराव्या भागात असतो, म्हणजे ४७००० हे ४७ अंश सेल्सिअस. ती ज्या एचडब्ल्यूमॉन फोल्डरात असते, त्याच्या नावापुढचा क्रमांक मात्र रीस्टार्टनंतर बदलू शकतो, म्हणून प्रोग्रामला क्रमांकाऐवजी इंटेल प्रोसेसरच्या तापमानमापकाचे ‘कोअरटेम्प’ हे नाव शोधायला लावा.

प्रश्नकर्ता

दोघांचेही मनापासून आभार. सेटिंग आणि नोंदी या दोन्ही फाइलींपुढे ‘रूट रूट’ असेच होते. मालकी बदलली, वीजवापराचा रकाना काढून टाकला आणि आता प्रोग्राम सुडोशिवाय चालतो. आज दुपारी संगणक बंद पडण्यापूर्वीची शेवटची नोंद ९८००० आहे. कॅबिनेट उघडले, तेव्हा हीटसिंकच्या, म्हणजे प्रोसेसरची उष्णता बाहेर टाकणाऱ्या धातूच्या भागाच्या, पात्यांमध्ये धुळीचा जाड थर बसलेला दिसला. तो साफ करून उद्याच्या नोंदी येथे देतो.