मदत हवी आहे: 'लेड झेपेलिन 2' मधला ब्लूज हातात कसा उतरवायचा?

नमस्कार मंडळी, गिटार वाजवणाऱ्या आणि जुना ब्लूज (अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं जुनं लोकसंगीत) ऐकणाऱ्या लोकांकडून मदत हवी आहे. पोस्ट जरा लांबलीये पण प्लीज वाचा.

आमचा मित्रांचा हौशी बँड आहे आणि आम्ही लेड झेपेलिन या ब्रिटिश रॉक बँडच्या दुसऱ्या अल्बममधलं (1969 चा, तपकिरी कव्हरवाला) 'द लेमन साँग' बसवायला घेतलंय, गिटार माझ्याकडे. कानाने ऐकून सगळं बसवलं, सूर बरोबर आहेत, स्पीड बरोबर आहे, तरी वाजवलं की नुसतं हार्ड रॉक वाटतं, ब्लूज कुठे दिसतच नाही. आमचा ड्रमर म्हणतो तू घाई करतोस, पण मेट्रोनोम (ठोका देणारं यंत्र) लावून बघितलं तर घाई नाहीये. मग नेमकं काय कमी पडतंय?

हा अल्बम टूर चालू असताना मधे मधे वेळ मिळेल तसा इंग्लंड-अमेरिकेतल्या वेगवेगळ्या स्टुडिओंमध्ये रेकॉर्ड झालाय, आणि 'लेमन साँग' हॉलिवूडच्या मिस्टिक स्टुडिओत सगळ्यांनी एकत्र बसून लाइव्ह वाजवलंय. ते ऐकू येतं हो, जॉन पॉल जोन्सचा बेस तर एका जागी थांबतच नाही, गाण्याखालून सतत काहीतरी वेगळं बोलत असतो, आणि गिटारवाला जिमी पेज त्याच्यावर रेलून निवांत वाजवतो. तो निवांतपणाच मला जमत नाहीये.

याच अल्बममधल्या 'होल लॉटा लव्ह'च्या रिफचंही (सारख्या येणाऱ्या छोट्या धुनेचंही) तेच. तो डी सूर पाचव्या तारेवर पाचव्या फ्रेटला (दांड्यावरच्या आडव्या पट्टीला), सोबत चौथी तार मोकळी, म्हणजे दोन्हीकडे डीच, आणि दाबलेला डी पेज किंचित खेचतो त्यामुळे दोन्ही सूर एकमेकांवर घासतात. मी खेचलं की सरळ बेसूर वाटतं, तो खेचतो तेव्हा अंगावर काटा येतो!

ही गाणी ज्या जुन्या ब्लूज गाण्यांवरून आलीयेत ती मुळापासून ऐकावीत म्हणून यादी केलीये. 'लेमन साँग'साठी हाउलिन वुल्फचं 'किलिंग फ्लोअर' (1964), आणि त्यातली लिंबाची ओळ रॉबर्ट जॉन्सनच्या 1937 च्या 'ट्रॅव्हलिंग रिव्हरसाइड ब्लूज'मधली. 'होल लॉटा लव्ह'साठी मडी वॉटर्सचं 'यू नीड लव्ह' (1962), लिहिलेलं विली डिक्सनचं. 'ब्रिंग इट ऑन होम' पण डिक्सनचंच, गायलंय सनी बॉय विल्यमसनने. डिक्सनला 'होल लॉटा लव्ह'साठी कोर्टात जावं लागलं, 1987 मध्ये सेटलमेंट झाली तेव्हा कुठे हक्क मिळाला. मला हा अल्बम जीव की प्राण आहे, पण ज्यांच्या जिवावर तो उभा राहिला त्यांची नावं पहिल्या दिवसापासून कव्हरवर हवी होती असं मला मनापासून वाटतं.

तर प्रश्न दोन. यातलं आधी काय ऐकू आणि ऐकताना लक्ष कशाकडे ठेवू? आणि ते अर्धवट खेचणं कसं शिकायचं?

प्रतिसाद 1
भावा, 'किलिंग फ्लोअर'पासूनच सुरू कर आणि आठवडाभर दुसरं काही लावू नकोस. त्यात गिटारवर ह्यूबर्ट समलिन आहे, वुल्फने त्याला पिक (तार छेडायची चकती) सोडायला लावलं होतं, तो बोटांनीच वाजवायचा. तू पण पिक ठेव बाजूला आणि तो रिफ बोटांनी वाजव. बोटाने तार सुटायला जो किंचित वेळ लागतो ना, तोच तुझ्या ड्रमरला हवाय. मेट्रोनोमवर तू बरोबर असशील रे, पण ठोक्याच्या पुढच्या काठावर उभा आहेस, मागच्या काठावर ये.

प्रतिसाद 2
खेचण्याबद्दल सांगते. मी आधी गाणं शिकले, गिटार नंतर, त्यामुळे मला ते गंधारावरून समजलं. कोमल गंधार दाबायचा आणि शुद्ध गंधाराकडे निघायचं, पण पोचायचं नाही, मधेच थांबायचं. तुमचं बेसूर होतंय कारण तुम्ही बहुतेक एका झटक्यात खेचताय. आधी तो सूर गळ्यातून काढा, मग तारेवर शोधा. 'यू नीड लव्ह'मध्ये मडीचा आवाज आणि अर्ल हूकरची स्लाइड गिटार (तारेवर नळी सरकवून वाजवलेली) दोन्ही हेच करतात, आणि गंमत म्हणजे हूकर आणि मंडळींनी ट्रॅक आधीच वाजवून ठेवला होता, मडी त्याच्यावर नंतर गायला.

प्रतिसाद 3
दोघांना अनुमोदन. लेड झेपेलिनचं 'ब्रिंग इट ऑन होम' हेडफोनवर ऐक, सुरुवात हळू, हार्मोनिका, त्यांचा गायक प्लांट सनी बॉयसारखा तोंडातल्या तोंडात गातो आणि मग धाडकन रिफ येतो. ब्लूज संपून हार्ड रॉक कुठे सुरू होतो ते एकाच गाण्यात कळतं.

धागाकर्ता
मनापासून आभार सगळ्यांचे. काल पिक न घेता वाजवलं, आवाज बारीक झाला पण ड्रमरने पहिल्यांदा मान डोलावली. गंधाराचा सराव गळ्यातून चालू केलाय, घरचे विचारतायत काय चाललंय. आता एकच अडचण, मधे सोलोला गाणं एकदम पळायला लागतं तिथे बोटं पुरत नाहीत. तिथे काय करू?

प्रतिसाद 1
तिथे खुशाल पिक घे. बोटांनी वाजवणं हे कान तयार करायला, स्टेजवर सक्ती नाही. फक्त सोलो संपवून परत हळू भागात येताना पहिले दोन ठोके काही वाजवू नकोस, बेसला जाऊ दे पुढे, मग तू ये. आणि रेकॉर्ड करून इथे टाक, ऐकून सांगतो.