हामामुरांच्या कात्रीबद्दल

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूंचा कॅमेरा जवळजवळ हलतच नाही, मग संकलकाला काम काय उरतं, असं एकाने विचारलंय. अहो, खरा कस तिथेच लागतो! शोचिकू स्टुडिओचे योशियासू हामामुरा यांनी ओझूंचे 'लेट स्प्रिंग' (१९४९), 'टोकियो स्टोरी' (१९५३) आणि पुढचेही बरेच चित्रपट संकलित केले. त्यांचं नाव इतकं कमी घेतलं जातं, याचं मला फार वाईट वाटतं.

'टोकियो स्टोरी'चा शेवट पुन्हा बघा. वर्गात धाकटी मुलगी क्योको, जी शिक्षिका आहे, मनगटावरचं घड्याळ बघते, खिडकीशी जाते. खालून आगगाडी जाते. मग थेट डब्यात तिची विधवा वहिनी नोरिको, हातात वारलेल्या सासूचं जुनं घड्याळ. दोघी एका चौकटीत नाहीत, सरळ कट आहेत फक्त. माझा मात्र दर वेळी तिथेच गळा दाटून येतो.