शब्दचर्चा: फाइलचा 'पाथ' म्हणजे मार्ग, पथ की पत्ता?

प्रश्न: पोर्टेबल डिस्कवर ठेवलेल्या जुन्या गेम्सच्या बॅकअपसाठी मराठीत सूचना लिहितोय. 'पाथ सापडत नाही' यातल्या पाथला, म्हणजे फाइल कुठे आहे ते सांगणाऱ्या ओळीला, काय म्हणावं? ॲब्सोल्यूट आणि रिलेटिव्ह पाथला?

— पाथच ठेवा. अडचण पुढच्या जोडीची आहे. ॲब्सोल्यूट म्हणजे ड्राइव्हच्या अक्षरापासूनचा 'पूर्ण पत्ता', रिलेटिव्ह म्हणजे 'इथून पुढे'. हे 'इथून' शॉर्टकटच्या प्रॉपर्टीजमधल्या 'स्टार्ट इन' या रकान्यातून ठरतं. तिथे जुना फोल्डर राहिला की गेम डेटा फाइल्स भलतीकडे शोधतो. आधी फोल्डरमधल्या ईएक्सईवर, म्हणजे गेम सुरू करणाऱ्या फाइलवर, थेट डबल-क्लिक करायला सांगा. चालला, तर दोष शॉर्टकटचा. तो पुसून नवा करा.

— आणि थेटही चालला नाही, तर बहुधा जुना पूर्ण पत्ता कुठेतरी कोरलेला असतो. आधी गेमच्या फोल्डरमधली आयएनआय किंवा सीएफजी ही सेटिंग्जची फाइल नोटपॅडमध्ये उघडून पाहा, मग रजिस्ट्री, म्हणजे विंडोजची सेटिंग्जची नोंदवही. पोर्टेबल डिस्क काल ई होती, आज एफ झाली, एवढ्यानंही बिघडतं. विंडोजच्या डिस्क मॅनेजमेंटमधून तिला जुनं अक्षर परत द्या, बाकी काही छेडू नका.

— रिलेटिव्हला 'सापेक्ष पथ' लिहू नका हो, परीक्षेचा पेपर वाटतो.

— एक खास आपल्याकडची भानगड. फोल्डरचं नाव देवनागरीत असेल तर बरेच जुने गेम उघडतच नाहीत. ते युनिकोड, म्हणजे सगळ्या लिप्यांची अक्षरं सामावणारी पद्धत, न वापरता विंडोजची जुनी अक्षरसारणी वापरतात. तिच्यात 'खेळ' बसत नाही, अक्षरांच्या जागी प्रश्नचिन्हं येतात, आणि प्रश्नचिन्ह विंडोजच्या फाइलनावात चालतच नाही. फोल्डरचं नाव बदलणं सोपं. पण विंडोजचं युजरनेमच देवनागरीत असेल, तर गेम सुरू होतो आणि सेव्ह करताना मरतो, कारण सेव्ह त्या नावाच्या फोल्डरखाली जातात. नंतर खात्याचं नाव बदलूनही तो फोल्डर तसाच राहतो. रोमन नावाचं नवं लोकल खातं काढा.

— लांबीचंही लिहा. पूर्ण पत्त्याला २६० अक्षरांची जुनी मर्यादा आहे. 'बॅकअप'मध्ये 'जुना पीसी', त्यात 'डेस्कटॉप', त्यात 'नवीन फोल्डर २' अशी उतरंड असली की कॉपी करतानाच खोलातल्या फाइल्स गळतात. गेम ड्राइव्हच्या मुळाशी, म्हणजे इतर कुठल्या फोल्डरच्या आत नाही, छोट्या नावाच्या फोल्डरात ठेवा. फक्त 'प्रोग्रॅम फाइल्स' या विंडोजच्या फोल्डरमध्ये नको. तिथे लिहायला परवानगी लागते.

— 'मुळाशी' आवडलं. रूटला हाच शब्द घेतो.