पुण्यातून आर-१३६ दिसेल का? आणि त्यातील ताऱ्याचे वस्तुमान नेमके किती?

कोथरूडकर: मोठा मॅगेलनी मेघ या शेजारच्या दीर्घिकेतील टॅरँट्युला तेजोमेघाच्या गाभ्यात आर-१३६ हा तारकागुच्छ आहे. त्यातील आर-१३६ए१ या ताऱ्याचे वस्तुमान कुठे सूर्याच्या २६५ पट, तर कुठे २०० पटींच्या आसपास दिलेले आढळते. यांपैकी कोणता आकडा ग्राह्य धरावा? तसेच आठ इंची दुर्बिणीतून हा गुच्छ पुण्याहून पाहता येईल का?

दक्षिणक्षितिज: पाहता येणार नाही, असेच धरून चालावे. पुण्याचा अक्षांश साडेअठरा अंश उत्तर आणि गुच्छाची क्रांती (खगोलीय विषुववृत्तापासूनचे अंतर) सुमारे ६९ अंश दक्षिण असल्यामुळे डिसेंबरच्या मध्यास मध्यरात्रीच्या सुमारास तो याम्योत्तरावर (डोक्यावरून जाणाऱ्या उत्तर-दक्षिण रेषेवर) येतो, तेव्हाही क्षितिजापासून जेमतेम अडीच अंश वर असतो. इतक्या खालून येणाऱ्या प्रकाशाला डोक्यावरच्या ताऱ्याच्या तुलनेत १५ पटींहून अधिक हवा ओलांडावी लागते. शिवाय शहराच्या दक्षिणेला कात्रजचे डोंगर आहेतच. दक्षिणेकडचा अगस्त्य तारा त्याच रात्री जवळजवळ १९ अंश चढतो, म्हणून पुष्कळांना आशा वाटते. कन्याकुमारीला मात्र हा गुच्छ सुमारे १३ अंश वर येतो.

वर्णपट: वस्तुमानाविषयी लिहितो. १९८० च्या दशकाच्या प्रारंभी या गाभ्यातील आर-१३६ए हा एकच महाकाय तारा असून त्याचे वस्तुमान सूर्याच्या हजारो पट असावे, असे काही खगोलशास्त्रज्ञ गांभीर्याने मांडत होते. १९८५ मध्ये वायगेल्ट आणि बायर या खगोलशास्त्रज्ञांनी स्पेकल व्यतिकरणमापनाने (अत्यल्प वेळेच्या अनेक छायाचित्रांवरून स्पष्ट प्रतिमा मिळवण्याच्या तंत्राने) वातावरणाच्या थरथरीवर मात करून त्या ठिपक्यातील अनेक तारे वेगळे केले. २६५ विरुद्ध २०० हा वाद त्याच गोष्टीचा लहान अवतार आहे. जोडीदाराच्या कक्षेवरून वस्तुमान काढण्याची सोय येथे नाही. त्यामुळे वर्णपटावरून तापमान, दिसणारे तेज आणि सुमारे १,६०,००० प्रकाशवर्षे हे अंतर यांवरून दीप्ती (ताऱ्याचे खरे, एकूण तेज) काढायची आणि ती ताऱ्यांच्या उत्क्रांतीच्या प्रतिकृतींशी ताडून पाहायची, एवढाच मार्ग उरतो. शेजाऱ्यांचा प्रकाश मिसळला, की तेज फुगते आणि वस्तुमानही फुगते. २६५ हा अंदाज २०१० चा आहे. २०२२ मध्ये जेमिनी दक्षिण दुर्बिणीने अधिक सुस्पष्ट प्रतिमा घेतल्यावर तो १७० ते २३० च्या दरम्यान आला. माझ्या मते नवा पल्ला ग्राह्य धरावा, मात्र त्यातील एखादाच आकडा उचलून तो अंतिम मानू नये.

कोथरूडकर: आभारी आहे. मग पुण्याच्या आकाशात दुसऱ्या दीर्घिकेतील एखादा गुच्छ आवाक्यात आहे का?

दक्षिणक्षितिज: देवयानी दीर्घिका पुण्याहून ६७ अंश वर येते. तिच्यातील जी-१ या गोलाकार गुच्छाची प्रत (तेजाचे माप; आकडा जितका मोठा, तितकी वस्तू अंधूक) १३.७ आहे, त्यामुळे त्यासाठी दहा-बारा इंची दुर्बीण हवी, आणि तरीही तो ताऱ्यासारखाच दिसतो. आठ इंचीसाठी त्याच दीर्घिकेच्या नैर्ऋत्य भागातील एनजीसी २०६ बरा. काटेकोरपणे तो गुच्छ नसून तरुण ताऱ्यांचा विखुरलेला समूह आहे. नोव्हेंबरमधील अमावास्येच्या आसपास, शहराच्या उजेडापासून दूर, वेल्ह्याच्या बाजूला प्रयत्न करावा.