भरतीच्या पोराच्या केसला एस९२ नको

वर एकाने साताऱ्याच्या भरतीवाल्या पोराच्या मेटाटार्सल (पावलातलं लांब हाड) फ्रॅक्चरला एस९२.३ हा आजारांच्या कोडिंगमधला कोड सुचवलंय, ते काही पटत नाही. एस९२ म्हणजे पडणं, पाय मुरगळणं, वर काही आदळणं, असा एकदाच बसलेला मार. हा गडी रोज यवतेश्वरचा घाट पळत चढतो, मार कुठे लागलेलाच नाही, दुखणं हळूहळू वाढलंय. म्हणजे एम८४.३, स्ट्रेस फ्रॅक्चर: सारख्या ताणाने हाडाला गेलेली चीर.

डब्ल्यूएचओचं आयसीडी-१० (आजारांच्या कोडची यादी) वापरत असाल तर एवढ्यावर भागतं. अमेरिकन क्लायंटच्या फाइलला मात्र बाजू लागते: उजवं पाऊल एम८४.३७४, डावं एम८४.३७५. शिवाय कोडचं सातवं अक्षर, आणि कोडिंगमधली नवी पोरं हमखास अडतात ती इथेच. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे! मुख्य उपचार सुरू आहेत तोवर 'ए'च. हाड नीट भरून येतंय आणि पेशंट नुसता दाखवायला आला, की 'डी'. जुळायला उशीर होत असेल तर 'जी', जुळलंच नाही तर 'के'.

अजून एक. पहिल्या एक्स-रेत हे फ्रॅक्चर बऱ्याचदा दिसतच नाही. ओपीडीच्या कागदावर डॉक्टरांनी 'स्ट्रेस फ्रॅक्चर?' असं प्रश्नचिन्ह टाकलं असेल, तर अमेरिकन नियमाने फ्रॅक्चरचा कोड चालत नाही. तोवर पाऊलदुखीचा लावा: उजव्याला एम७९.६७१, डाव्याला एम७९.६७२.