सोसायटीचा हिशेब व्हिडिओ कॉलवर बोलावा का?

गंगापूररोडकर: रविवारी सोसायटीची मीटिंग झूमवर ऑनलाइन झाली. सेक्रेटरींनी लिंक चार ग्रुपांवर टाकलेली. थकबाकीदारांची नावं वाचताना लक्षात आलं, एक अनोळखी बसलाय. कॅमेरा बंद, नावाच्या जागी नुसतं फोनचं मॉडेल. ‘कोण?’ विचारताच पसार. माझं मत स्पष्ट आहे, असल्या ॲपवर पैशाचं बोलूच नये. झूमने एंड-टू-एंड एन्क्रिप्शन, म्हणजे बोलणाऱ्यांशिवाय कुणालाच उघडता येणार नाही असं कुलूप, असल्याचं सांगितलं, प्रत्यक्षात किल्ल्या कंपनीकडेच होत्या. नोव्हेंबर २०२० मध्ये अमेरिकेच्या एफटीसीशी, म्हणजे ग्राहकांचं हित बघणाऱ्या सरकारी आयोगाशी, तडजोड करावी लागली. आपल्या गृह मंत्रालयानेही त्याच वर्षी एप्रिलमध्ये सावध केलं होतं.

सातपूर_नाईटशिफ्ट: दादा, मंत्रालयाच्या त्याच पत्रकात होतं की दर मीटिंगला पासवर्ड बदला, वेटिंग रूम लावा, सगळे आले की मीटिंग लॉक करा. दार सताड उघडं टाकलं तुम्ही, आणि शिव्या कडीवाल्याला?

गंगापूररोडकर: कडीवाला खोटं बोलला होता, त्याचं काय? ऑक्टोबर २०२० पासून खरं एन्क्रिप्शन दिलं, पण ते आपण चालू करायचं. केलं की क्लाउड रेकॉर्डिंग बंद. मग इतिवृत्त कोण लिहिणार, सेक्रेटरी?

सिडकोची_ताई: तुमचं चालू द्या. गेल्या महिन्यात बाबांना व्हिडिओ कॉल आला. खाकी वर्दी, मागे अशोकस्तंभ, ‘तुम्ही डिजिटल अरेस्टमध्ये आहात’. दोन तास दार लावून बसले. मी जेवायला हाका मारतेय, ओ देईनात. शेवटी आत घुसून फोन हिसकावला, १९३० या सायबर हेल्पलाइनवर तक्रार केली. पैसे वाचले, नशीब. ॲप एन्क्रिप्टेडच होतं बरं का. म्हणून तर चोराचं आणि बाबांचं बोलणं तिसऱ्या कुणाला कळलं नाही!

सातपूर_नाईटशिफ्ट: हेच म्हणतोय मी. ॲप सोडा, सवय बघा. समोरच्याने स्क्रीन शेअर करायला सांगितली की कॉल कट.

गंगापूररोडकर: ताई, वाचून अंगावर काटा आला. पण २०१९ मध्ये पेगॅसस हे हेरगिरीचं सॉफ्टवेअर व्हॉट्सॲप कॉलमधूनच फोनात शिरलं, कॉल उचलायचीही गरज नव्हती. तिथे सवय काय कामाची?

सातपूर_नाईटशिफ्ट: ते भोक बुजवणारा अपडेट तेव्हाच आला होता. तुमच्या फोनवर किती अपडेट पडून आहेत ते सांगा.

गंगापूररोडकर: एकतीस. तरी पुढची मीटिंग खाली पार्किंगमध्ये, सतरंजी टाकून.

सिडकोची_ताई: घ्या की. थकबाकी वाचताना वॉचमनला तेवढं चहाला पाठवा.